बोरान्बायचा दुसरा मुलगा

जो झाकलेले सर्व जाणतो आणि तरीही झाकणाऱ्याची भाकर तोडत नाही, त्या परम दयाळू, परम कृपाळू प्रभूच्या नावाने आरंभ करतो. त्याच्या प्रेषितावर शांती असो.

मी सारीकुदुक औलचा, म्हणजे वस्तीचा, नुरपेइस, आदराने नुरेके म्हणतात, वय एक्क्याऐंशी, कुळाच्या वंशावळीचा राखणदार. आमच्यात सात पिढ्यांच्या आत सोयरीक होत नाही. म्हणून कोण कोणाच्या वंशातला हे सांगणाऱ्याचा शब्द म्हणजे लग्नाच्या दारावरचा अडसर. त्या शब्दाचे मी काय केले, ते पुढील पत्रांवरून कळेल. ही पत्रे माझी आणि तेमिरगालीची आहेत. तो तीस वर्षांपूर्वी आमच्या शाळेत पदार्थविज्ञान शिकवीत असे, आता अल्माटीत सरकारी कामावर आहे. माझी दृष्टी मंदावल्यामुळे माझी पत्रे माझी मुलगी बिकेन हिने लिहिली, एक सोडून. ती सारी मी या वहीच्या अखेरीस शिवून ठेवली आहेत.

*

अल्माटी, २० फेब्रुवारी १९९३

आदरणीय नुरेके,

सलाम. जनावरे सुखरूप, माणसे सुखरूप? इथे वितळत्या बर्फाचा चिखल आहे आणि माझ्या टेबलावर कागदांचा.

माझे काम आपणास ठाऊकच आहे. संघराज्य मोडले आणि त्याची अण्वस्त्रे आपल्या भूमीत राहिली. मोठ्या पल्ल्याचीच चौदाशेच्या वर आहेत. त्यांची यादी करणाऱ्यांत मी एक. युक्रेन आणि बेलारूस यांच्याकडेही अशीच राहिली आहेत. अण्वस्त्रे असणारे म्हणून अण्वस्त्रप्रसारबंदीच्या करारात पाचच देश मान्य आहेत: अमेरिका, रशिया, ब्रिटन, फ्रान्स, चीन. इस्राएल ना हो म्हणतो, ना नाही. पर्वतांपलीकडे भारताने एकदा वाळवंटात स्फोट केला आणि तो शांततेसाठी होता असे सांगितले. त्याचा शेजारी पाकिस्तान त्याच्याकडे पाहून गुपचूप तयारीत आहे, असे सारे म्हणतात. दोघेही सही करीत नाहीत. आपण करावी, सारे परत द्यावे आणि यापुढे बनवणार नाही असे वचन द्यावे, असा विचार चालू आहे. ठेवून घ्या म्हणणारेही पुष्कळ आहेत.

गेल्या महिन्यात परदेशी पाहुणे आले होते. म्हणाले, तुमचा शब्द आम्हाला पुरत नाही, मोजून दाखवा. मी त्यांना आपले उदाहरण दिले. म्हटले, आमच्याकडे एक वृद्ध आहेत. त्यांनी सात नावे तोंडाने सांगितली की तोच शिक्का. मी स्वतः त्या शब्दावर माझे लग्न मोडून घेतले आहे.

शरदात याच प्रश्नावर औलोऔली सभा होतील. सारीकुदुकची सभा आपल्या आशीर्वादाने सुरू व्हावी, ही विनंती.

आता दुसरी गोष्ट. माझा मुलगा संझार याने एका मुलीला पसंत केले आहे. नाव विचारले, तर राइखान. आपल्या दिवंगत मेइरखानची मुलगी, आपली नात. मी दोघांना समोर बसवून सांगितले की पाचव्या आजोबाशी, बोरान्बायपाशी, आपली कुळे एक होतात. मला आणि बिकेनला जे आडवे आले, तेच तुम्हाला सहाव्या पिढीत येते. मुले म्हणतात, एकदा पुन्हा मोजायला सांगा. नुरेके, एक आजोबासुद्धा इकडचा तिकडे करा, असे मी म्हणत नाही. फक्त पुन्हा मोजा.

आपला तेमिरगाली

*

सारीकुदुक, ११ मार्च १९९३

चिरंजीव तेमिरगाली,

तुझ्यावर शांती असो.

शस्त्रांविषयी विचारलेस, तर माझे उत्तर सोपे आहे. ती आपण मागितली नव्हती, घडवली नव्हती. दुसऱ्याने आपल्या अंगणात टाकलेली ती ठेव आहे, आणि ठेव ज्याची त्याला परत करावी अशी आपल्या धर्माची आज्ञा आहे. शेजाऱ्याची तलवार घरात राहिली म्हणून कोणी शूर होत नाही. मैदानातल्या अणुचाचण्यांनी चाळीस वर्षे आपल्या ओट्या हादरल्या, भांडी फडताळातून पडली, कोकरे दोन तोंडांची जन्मली. ज्याने हे पाहिले, तो 'ठेवून घ्या' कसे म्हणेल? झोपलेल्या सापाला दूध पाजून कोणी निजत नाही.

सभेतील आशीर्वादाविषयी: वय झाले, दम पुरत नाही. दुसरा कोणी पाहावा.

मुलांविषयी: वंशावळीतील शब्द पूर्वजांचा असतो, सांगणाऱ्याचा नसतो. तो बदलत नाही. मुलांना संयमाचे बळ मिळो.

नुरपेइस

हे खालचं मी बाबांना वाचून न दाखवता लिहितेय. शेवटचं वाक्य त्यांनी चार वेळा बदलायला लावलं. एरवी एका बैठकीत दोन पत्रं सांगून होतात आणि वर माझ्या अक्षराला नावं ठेवून होतात. त्या दिवसापासून जेवण नीट नाही. राइखानला सांगा, आत्याने विचारलंय. बिकेन

*

अल्माटी, ९ एप्रिल १९९३

आदरणीय नुरेके,

आपला निर्णय मुलांना सांगितला. वाटले होते वाद घालतील. संझार एवढेच म्हणाला, "तुम्ही ऐकलंत ना बाबा? मग आम्हीही ऐकतो." हे ऐकून अभिमान वाटायला हवा होता. राइखानने कॅस्पियनकाठी अक्ताऊच्या इस्पितळात नोकरी धरली आहे, सप्टेंबरात जाईल. इतक्या दूर का, असे विचारले तर म्हणाली, "काका, या देशात याहून दूर जागा नाही म्हणून."

एक बातमी कळवतो. गेल्या महिन्यात दक्षिण आफ्रिकेच्या प्रमुखाने आपल्या संसदेत उभे राहून सांगितले की आमच्या देशाने गुपचूप सहा अणुबाँब तयार केले होते आणि ते आम्ही मोडून टाकले. कोणी पकडले नव्हते. आमच्या कार्यालयात दिवसभर हीच चर्चा. एक सहकारी म्हणाला, "मूर्ख आहेत. मोडलेच होते तर सांगायचं कशाला?" परदेशी पाहुण्यांतील एक म्हातारा हसून म्हणाला, मोडणे अर्धे काम, सांगणे उरलेले अर्धे. जोवर सांगितले नाही तोवर शेजाऱ्याच्या हिशेबाने ते तुमच्याकडेच असतात.

मला हे वाक्य आपणास कळवावेसे वाटले. का, ते नक्की सांगता येत नाही.

तेमिरगाली

*

सारीकुदुक, १४ मे १९९३

तेमिरगाली, सोबतचे चार कागद बाबांनी स्वतःच्या हाताने लिहिले आहेत. जुन्या अरबी लिपीत आहेत. ती मला येत नाही. नाक कागदाला टेकवून सहा दिवस लिहीत होते. चहा द्यायला गेले तरी कागदांवर टोपी ठेवायचे. म्हटलं, मला वाचता येत नाही बाबा, कुणापासून लपवताय? तर म्हणाले, सवय. बिकेन

*

अल्माटी, ३ जून १९९३

आदरणीय नुरेके,

आपले कागद पोचले. माझी पिढी रशियन अक्षरांवर वाढली हे आपणास ठाऊक आहे. मला त्यातले एक अक्षर लागत नाही. मशिदीतल्या वृद्धांकडे नेले. त्यांनी पहिली ओळ वाचली, प्रभूच्या नावाची. दुसरी वाचायला लागले तो मी त्यांचा हात धरला. जे लिहिताना आपण मुलीपासूनही झाकलेत, ते परक्या तोंडाने ऐकणे मला योग्य वाटले नाही. कागद तसेच परत पाठवीत आहे.

आमच्याकडे एका तळप्रमुखाने यादी पाठवली, तीत सारे आकडे त्याच्या खासगी खुणांनी लिहिलेले. विचारले तर म्हणाला, मी सगळे जाहीर केले आहे. पाहुणा म्हातारा म्हणाला, ही यादी आहे की कुलूप?

लहान तोंडी मोठा घास घेतो. बिकेनच्या अक्षरात पाठवावे.

तेमिरगाली

*

सारीकुदुक, १९ ऑगस्ट १९९३

तेमिरगाली,

अडीच महिने मी हे पत्र चुकवले. पाचही नमाजांत कपाळ जमिनीला टेकत होते, मन टेकत नव्हते. साक्ष झाकणाऱ्याचे हृदयच पापी होते, असे मी आयुष्यभर इतरांना समजावत आलो. आज बिकेनला समोर बसवले आहे. तिला सांगितले आहे की जे ऐकशील ते सारे लिही.

१९५३ च्या ऑगस्टात सैनिक ट्रक घेऊन आले आणि सारे औल डोंगराकडे हलवले. मोठी चाचणी आहे, म्हणाले. ही वंशावळीची वही त्या काळी धोक्याची. जुन्या लिपीतला कागद घरात सापडला की माणूस नाहीसा व्हायचा. मी ती उंबऱ्याखाली पुरली होती. डोंगरात कोणी म्हणाले की सैनिक रिकाम्या घरांतून फिरून जमीन उकरतात.  मोठ्या माणसाला चौकीवर अडवले असते. पोरीकडे कोण पाहतो? मी बिकेनला तांबड्या घोडीवर बसवले आणि ओढ्याच्या वाटेने परत धाडले. ती दहा वर्षांची होती.

वही छातीशी बांधून ती परत निघाली, तेव्हा सूर्य वर आला होता. ती सांगायची, घोडीची सावली पश्चिमेला पडली होती, ती एकाएकी दक्षिणेला पडली. मग वारा आला. ती घोडीवरून पडली, पुन्हा चढली आणि वही घेऊन आली. त्या शरदात तिचे केस उशीवर राहू लागले. मी तिला रुमाल बांधायला लावला आणि बजावले, खाली गेली होतीस हे कोणाला सांगायचे नाही. तिला वाटले, वहीसाठी. तेही खरे होते.

दरवर्षी डॉक्टर येत, रक्त घेत, आकडा लिहीत, सांगत काही नसत. १९६२ साली त्यांतली एक बाई निघताना तबेल्यापाशी थांबली. हळूच म्हणाली, "या मुलीचं लग्न करू नका, काका. मूल धड होणार नाही." आणि न बोलण्याच्या कागदावर माझी सही घेतली. पुढल्या वसंतात तू मागणी घातलीस.

आजार सांगितला तर सही मोडेल, असे मी स्वतःला समजावले. ते पांघरूण होते. खरे भय हे की लोक विचारतील: सारे औल डोंगरात असता ही एकटीच खाली कशी? कोणी धाडली? म्हणून चाळीस माणसांसमोर मी ही वही उघडली, जी तिने छातीशी धरून आणली तीच, आणि वाचल्यासारखे केले. म्हणालो, बोरान्बायला दोन मुलगे. एकाचे वंशज आम्ही, दुसऱ्याचे तुम्ही.

वहीत एकच मुलगा आहे. दुसरा कधी जन्मलाच नाही. तुझ्या कुळातले वृद्ध उपासमारीच्या वर्षांत गेले होते. मला खोटे पाडणारा औलात कोणी उरला नाही, हे मी आधी नीट पाहून घेतले होते. उपाशी मेलेल्यांच्या तोंडी मी माझे खोटे घातले.

(इथे मी लेखणी ठेवली. बाहेर जाऊन दोन्ही गायी पिळल्या. एक आधीच पिळलेली होती. परत आले तर बाबा तसेच बसलेले, हात गुडघ्यांवर. मी म्हटलं, पुढे सांगा.)

तुमची आणि आमची कुळे सात पिढ्यांत कुठेही भेटत नाहीत. मुलांमध्ये आड येणारा पूर्वज नाही. आड येणारे जे आहे ते हे: राइखानचा बाप मेइरखान एक्केचाळिसाव्या वर्षी रक्ताच्या आजाराने गेला. आम्हाला परत आणले तेव्हा घरांत करडी धूळ होती. ती आम्ही झाडून त्याच चुलीवर रांधले. हे संझारला सांग. राइखानलाही सांग, तिला मी तिच्या बापाला थंडी बाधली असे सांगत आलो. मग त्यांना ठरवू दे.

क्षमा मागण्याइतके तोंड माझ्याजवळ नाही.

नुरपेइस

तेमिरगाली, हे माझं. तुमचं माझं लग्न झालं असतं की नाही, कोण जाणे. सगळं कळल्यावर तुम्ही नाही म्हणाला असता, किंवा मीच म्हणाले असते. पण ते नाही आपलं असतं. बाबांनी ते आपल्या दोघांकडून काढून घेतलं. घोडीवर धाडलं त्याचा मला राग नाही. वही वाचवायचीच होती, आणि पोरीकडे कोण पाहत नाही हेही खरंच. राग याचा की तीस वर्षं मी तुम्हाला भाऊ समजायचा प्रयत्न केला. ते फार अवघड गेलं.

बाबांना एकच अट घातली आहे. जे चाळीस जणांसमोर बोललात, ते चाळीस जणांसमोर परत घ्यायचं. बिकेन

*

अल्माटी, १० सप्टेंबर १९९३

आदरणीय नुरेके, आणि बिकेन,

हे पत्र वाचून दाखवणारी तीच असेल, म्हणून लिहायला अकरा दिवस लागले.

त्या काळी शाळेत बायका तिच्या रुमालाविषयी कुजबुजत. मी पदार्थविज्ञानाचा शिक्षक. मैदानात काय चालते आणि केस कशाने जातात, हे औलात माझ्याइतके कोणाला कळत नव्हते. तरी मी मागणी घातली, कारण मला ती हवी होती. आणि आपण बोरान्बायचे नाव घेतलेत, तेव्हा मला आधी दुःख झाले नाही. आधी सुटल्यासारखे वाटले. दुःख मागून आले आणि मग राहिले.

एका दिवसाच्या वाटेवर माझ्या वडिलांचा चुलता तेव्हा जिवंत होता. त्याला सातही नावे पाठ होती. मी विचारायला गेलो नाही. दुसऱ्यांना मोजून दाखवायला सांगणारा मी, स्वतः मोजले नाही. 'वृद्धांचा शब्द' म्हणून तीस वर्षे जो मिरवला, त्याच्याआड मीही लपलो होतो.

मुलांनी आपले पत्र वाचले. राइखान म्हणाली, "थंडी नव्हती तर." दोघे तपासणीला जाऊन आले. डॉक्टरांनी खात्री दिली नाही, कोणी देऊ शकत नाही. तरी तिने अक्ताऊचे तिकीट परत केले आहे.

सभा दहा ऑक्टोबरला. मी येतो आहे.

तेमिरगाली

*

आता पत्रे संपली. उरलेले मी सांगतो, बिकेन लिहिते.

सभा शाळेत भरली. तेमिरगालीने कागद वाचले: किती आहेत, कोणाला परत जायची, करारात काय वचन द्यायचे. काही तरुण म्हणाले, दोन्ही बाजूंना बलाढ्य शेजारी, हात रिकामे का करता? म्हातारा शाल्काबाय म्हणाला, "एखादं ठेवून घेऊ की. लांडगे तरी भितील." लोक हसले. मग तेमिरगालीने माझ्याकडे पाहिले, आणि मी काठीवर उठलो.

वही उघडून मी राइखानच्या हाती दिली. ती आता जुनी अक्षरे शिकते आहे. म्हटले, बोरान्बायच्या नावाखाली काय आहे ते वाच. तिने एक नाव वाचले. मी म्हटले, आणखी? ती म्हणाली, "आणखी नाही, आजोबा." मग मी सारे सांगितले, घोडीपासून. त्या चाळिसांतले सोळा जण आज जिवंत आहेत. तेरा तिथे बसलेले होते.

 मग शाल्काबाय म्हणाला, "नुरेके, माझ्या लग्नाला होकार दिलात तो तरी खरा होता ना? म्हातारी विचारील." पुन्हा हसू आले. पण हसताना माझ्याकडे कोणी पाहिले नाही. एक्क्याऐंशी वर्षांत पहिल्यांदा मी माझ्या माणसांत बसलो आणि जागा करून द्यायला कोणी सरकले नाही. ते योग्यच होते.

सभा आशीर्वादासाठी थांबली. पद्धतीप्रमाणे सर्वांत वृद्ध तो मी. माझे हात गुडघ्यांवरून उठले नाहीत. मी म्हटले, हे तळवे आधी धुतले जायचे आहेत. माझ्या घरात स्वच्छ हात एकीचेच आहेत. कोणी कुरकुरले की बाई, आणि तीही अविवाहित. शाल्काबायच म्हणाला, "अविवाहित कोणामुळे, ते आत्ताच ऐकलं ना?" तेव्हा बिकेन उठली, तळवे उघडले, आणि सभेने तळवे उघडले.

नंतर घरी तिने सर्वांना चहा दिला. तेमिरगालीला देताना तिने त्याला भाऊ म्हटले नाही. पेला मात्र अर्धाच भरला. आमच्याकडे भरलेला पेला म्हणजे प्या आणि निघा. अर्धा म्हणजे बसा, पुन्हा ओतते.

काल, तेरा डिसेंबरला, आमच्या संसदेने त्या करारावर होकाराची मोहोर उठवली. रेडिओवर ऐकले. राइखान आणि संझार यांचे लग्न वसंतात आहे. सात नावे सांगायला मला बोलावले आहे, आणि शेजारी वही उघडी ठेवून बसायला दुसऱ्या एकाला. तेही योग्यच आहे.

ही पाने जो वाचील त्याला आशीर्वाद देणे हे लिहिणाऱ्याचे काम. माझा अधिकार गेला आहे. म्हणून बिकेनने त्या दिवशी जे म्हटले, तेच तिच्या हाताने इथे उतरवतो:

"घरात जे आपलं नाही, ते घराबाहेर जावो. उंबऱ्याखाली पुरलेलं लेकराच्या पाठीवर न येवो. मोठ्यांना वेळेवर बोलायचं धैर्य मिळो, धाकट्यांना विचारायचं. आभाळ पुन्हा कधी चुकीच्या दिशेने सावली न टाको. इथे बसलेल्यांना, वाटेवर असलेल्यांना, आणि हे पुढे कधी वाचतील त्या सगळ्यांना शांती असो. आमीन."